अक्काची तब्येत

आमच्याकडं 'तब्येत सुधारली' म्हणजे जाड झाली. माणूस दवाखान्यातून बरा होऊन आला तरी हेच म्हणतात आणि लग्नानंतर वर्षभरात पोरीचे दंड भरले तरी हेच. कोल्हापुरात तब्येत कमवायची असते. ती कमी करायची असते, हे मला पन्नाशीला कळलं, राजारामपुरीत, एका कोचिंग क्लासच्या वरच्या मजल्यावर. तिथल्या आहारतज्ज्ञ मुलीनं मला काट्यावर उभं केलं आणि विचारलं, "मॅम, टार्गेट काय ठेवू या?" माझ्या लेकीपेक्षा लहान असेल ती. मी म्हटलं, "हे दोन जिने चढताना गुडघा बोंबलला नाही तरी पुष्कळ." तिनं कागदावर 'दहा किलो' असं लिहिलं.

त्याला तीन वर्षं झाली. चार किलो घालवले, पाच आले, पुन्हा तीन घालवले. पुढचं सांगायचाही कंटाळा येतो. मी एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. सकाळी उठून घरच्यांचा डबा, मग माझा वेगळा डबा, मग नोकरी, मग भाजी, मग रंकाळ्यावर तासभर चालणं. चालताना आजूबाजूला सगळ्या माझ्याच वयाच्या, सगळ्यांच्या पायांत तसलेच बूट आणि सगळ्यांचे चेहरे पाणी भरायला निघाल्यासारखे. पाळी जायला लागल्यापासून झोप उडाली होती. मधेच अंगातून अशी वाफ निघायची की वाचनालयाच्या पंख्याखाली खुर्ची ओढून मी वर तोंड करून बसायची. नवरा माझ्या ताटाकडं बघून म्हणायचा, "आज कुठलं गवत?" पहिल्यांदा हसले होते. शंभराव्यांदा हसणं जमत नाही.

चिडचिड वजनाची नव्हती फक्त. तीस वर्षं सगळ्यांचं केल्यावर आता कुठं जरा टेकावं म्हटलं, तर हे शरीर नवीन सासू होऊन दारात उभं. त्याचं खाणं-पिणं बघा, त्याचे रुसवे काढा.

माझी थोरली बहीण, आमची अक्का, नेसरीला दिलेली. माझ्याहून तीन वर्षांनी मोठी. घरी शेती आणि सहा म्हशी. पहाटेपासून वैरण, शेण, धारा, डेअरीला दूध. दुपारी आडवी झालेली मी तिला कधी बघितली नाही. तरी ती लहानपणापासून जाड. शाळेत पोरं तिला 'पैलवान' म्हणायची. पुढं घरातही तेच नाव पडलं, आणि तीही दंड थोपटून दाखवायची, सगळे हसायचे. मीही हसायची. फोटो काढायची वेळ आली की तिला नेमकं आत चुलीवर काहीतरी आठवायचं. आमच्या लग्नांच्या अल्बममध्ये तिचा एकही धड फोटो नाही, कुठं पाठ, कुठं पदर.

मागच्या साली त्यांच्या गावची म्हाई होती. म्हाई म्हणजे जत्रा, घरोघरी पावण्यांच्या पंगती आणि मटणाचा रस्सा. मी मात्र पर्समध्ये उकडलेल्या मुगाचा डबा घेऊन गेले होते. आता आठवलं की माझी मलाच लाज वाटते. म्हाईला मूग घेऊन जाणारी मीच पहिली असेन.

अक्का आतून तांब्या घेऊन बाहेर आली आणि मी बघतच राहिले. निम्मी झाली होती. गळ्याची हाडं दिसत होती, ब्लाऊजला दोन्ही बाजूंनी शिवण मारून घेतली होती. शेजारची एक म्हातारी बाहेरच्या सोप्यात बसली होती. ती म्हणाली, "का गं पोरी, अशी का वाळलीयास? काय जाच हाय का घरात?"

मी म्हातारीला पुढं बोलूच दिलं नाही. "आजी, आता बारीक असणंच चांगलं असतंय. डॉक्टर हेच सांगतात," असं म्हणून सगळ्या बायकांच्या देखत अक्काचा हात धरला. "काय छान दिसतीयास अक्का! कसं जमवलंस?"

"काय न्हाय की," ती म्हणाली. आमच्याकडं बायकाही 'मी येतो, मी जातो' असंच बोलतात. "उलट आदीपरास जास्त जेवतो मी. भूकच लई लागतीया."

जास्त जेवते आणि बारीक होते! मला मत्सर वाटला. खोटं कशाला बोलू, चांगलाच वाटला. इथं मी दोन वर्षं भाकरीचे तुकडे मोजतेय, आणि हिला काही न करता हे मिळालं. पंगतीत वाढताना तिचा हात थरथरत होता, रस्सा वाटीबाहेर सांडत होता. गळ्याशी घामाची धार होती. मी ते बघितलं. एवढंच नाही, तिला बाजूला घेऊन समजावलंही, "पाळी जायचं वय आहे गं, माझंही असंच होतं. छातीत धडधडतं, घाम येतो. दुर्लक्ष करायचं." ती मान हलवत ऐकत होती. मी शिकलेली बहीण ना. चार पुस्तकं हाताळते म्हणजे चार गोष्टी कळत असणार, असं तिला वाटतं.

त्या दिवशी मी तिचा फोटो काढला. ती आत पळाली नाही. उंबऱ्यात उभी राहिली, पदर नीट केला. तो फोटो मी घरच्या ग्रुपवर टाकला आणि दिवसभर 'वा', 'हिरॉईन', 'अक्का ओळखू येईनात' असं चाललं होतं. नंतर तिनं आपल्या पोराकडून, माझ्या भाच्याकडून, तो फोटो आपल्या व्हॉट्सअॅपच्या नंबराला लावून घेतला. तोवर तिथं म्हशीचा फोटो होता.

तीन महिन्यांनी ती गोठ्यात पडली. धार काढता काढता. सुनेनं हाका मारल्या तर उत्तर नाही, नाडी हाताला लागेना इतकी पळत होती. गडहिंग्लजहून तिला कोल्हापुरात आणलं. डॉक्टरांनी रक्त तपासलं आणि सांगितलं, थायरॉईड नको तितकं जोरात चाललंय, अंग आतल्या आत जळतंय, हृदयावर ताण आलाय. मग त्यांनी आम्हाला विचारलं, "एवढं वजन उतरत होतं, तर कुणाच्या लक्षात आलं नाही?"

भाचा खाली बघत राहिला. सून माझ्याकडं बघत राहिली. लक्षात सगळ्यांच्या आलं होतं. एका म्हातारीनं तर तोंडावर विचारलं होतं आणि तिला मीच गप्प केलं होतं. हे मी डॉक्टरांना सांगितलं नाही.

गोळ्या सुरू झाल्या. रोज घ्यायच्या, एक दिवसही चुकवायची नाही, बंद केल्या तर हृदयाला धोका. वजन परत येईल, तेही डॉक्टरांनी सांगितलं. अक्का आठ दिवस माझ्याकडं राहिली. मी तिला पेज दिली, पाय चेपले, रंकाळ्यावर गेले नाही. मला वाटलं, फिटलं माझं पाप.

दिवाळीनंतर सुनेचा फोन आला. "मावशी, तुम्ही एकदा येऊन जावा. आत्ती गोळ्या घेत न्हाईत. पत्र्याच्या डब्यात दोन-तीन म्हैन्यांची पाकिटं तशीच हाईत. इचारलं की अंगावर येत्यात."

रविवारी एसटीनं गेले. पोचले तेव्हा अकरा वाजले असतील. अक्का मागच्या परड्यात म्हशींना पेंड घालत होती. परत तशीच बारीक, डोळे बाहेर आल्यासारखे, हाताला तोच कंप. मला बघून हसली, "आलीस व्हय? पाणी पी." मी पाणी प्यायले नाही. डबा आणला, तिच्यापुढं ठेवला आणि ओरडायला सुरुवात केली. कॉलेजात मुलांवर ओरडायची सवय आहे मला, आवाज चढतो. मरायचंय का तुला? पोरगा कर्तासवरता आहे म्हणून आई नको असं आहे का त्याला? आम्ही रात्रंदिवस दवाखान्यात बसलो ते कशाला? बरंच काय काय बोलले. म्हशीसुद्धा माना वळवून बघायला लागल्या.

तिनं सगळं ऐकून घेतलं. मग पेंडेचे हात पदराला पुसले आणि पायरीवर बसली.

"गोळ्या घेतल्या की अंग सुटतंय परत," ती म्हणाली. "दोन म्हैने घेतल्या. ब्लाऊज परत बसंना झालं, तवा सोडल्या."

"मग दुसरा शिव की! ब्लाऊजपायी जीव देणार तू?"

"तुला न्हाय कळायचं."

"मला नाही कळत? दोन वर्षं मी दुसरं काय करतेय अक्का?"

तिनं डबा बाजूला सरकवला. मग माझ्याकडं न बघता म्हणाली, "तू शिकलीस. नोकरी लागली. कोल्हापुरात फ्लॅट घेतलास. मला बरंच वाटलं, खोटं न्हाय सांगत. पर माझ्यातलं काय तुला पायजे हाय, असं कदी झालं न्हवतं बघ. त्या म्हाईला तू माझ्याकडं बघितलंस न्हवं, तवा तुला माझ्यासारखं व्हावं वाटत हुतं. मी वळखलं की. पन्नास वर्षांत पैल्यांदाच."

मी तिच्या शेजारी त्याच पायरीवर बसले. मला वाटत होतं, तो मत्सर मी छान लपवलाय. तिनं तो बघितला होता, आणि दागिन्यासारखा जपून ठेवला होता.

'तू जाड असतानाही सुंदर दिसायचीस' असं म्हणावं, असं मनात आलं. पण स्वतःच्या आरशासमोर जे मला कधी म्हणता आलं नाही, ते तिला कुठल्या तोंडानं म्हणणार? आणि ती पैलवान असताना हसणाऱ्यांत मीही होतेच. मी खरोखर दमले होते. प्रवासानं, ओरडण्यानं, दोन वर्षांच्या त्या काट्यानं.

"अक्का," शेवटी म्हटलं, "तो तुझा आजार होता. मी आजाराचा मत्सर केला. मला अक्कल नव्हती."

"आसंल," ती म्हणाली.

मग तिनं डबा उघडला, पाकीट काढलं, गोळी तळहातावर घेतली. मी तांब्या पुढं केला.

"घेतो रोज. तू एवढ्या लांबनं आलीस," ती म्हणाली. "पर परत तसं बघशील काय माझ्याकडं?"

"बघेन की," मी म्हटलं.

तिनं गोळी घेतली, वर पाणी प्यायली. "खोटं बोलाय तुला अजून येत न्हाय बघ," असं म्हणाली आणि म्हशी पाण्यावर सोडायला उठली.