पैलवानाच्या नाकातली नळी

आमच्या वडिलांचे, म्हणजे आबांचे, दोन्ही कान मोडलेले होते. कुस्तीत डोक्याला डोकं घासून कानाची पाळी मुरगळते, आत रक्त साकळतं आणि मग कान कायमचा गठ्ठा होऊन बसतो. परक्या माणसाला ते बघून कसंतरी होतं. आमच्या शिवाजी पेठेत मात्र तसला कान म्हणजे पदवी. मला बघायला आलेल्या एका मुलानं "तुमच्या वडिलांच्या कानाला काय झालंय?" असं विचारलं, तेव्हा मी पोह्यांची बशी त्याच्या हातात देता देताच मनातून त्याच्यावर काट मारली होती. ज्याला बापाचा कान कळत नाही त्याला मी काय कळणार?

आबा पहाटे तालमीत आणि दिवसभर शिरोली एमआयडीसीत, एका फौंड्रीत. तिथं ओतून निघालेल्या लोखंडाची वाळू झाडायची, जादाचं लोखंड गॅस कटरनं कापायचं आणि ग्राइंडरवर घासायचं, हे त्यांचं काम. घरी यायचे तेव्हा भुवया पांढऱ्या झालेल्या असायच्या. तोंडाला रुमाल बांधा म्हटलं की म्हणायचे, "पैलवान गड्याला कसला गं रुमाल?" विडी नाही, तंबाखू नाही, दारूचा तर वाससुद्धा नाही. त्यामुळं नव्वदच्या दशकाच्या मध्यावर, पन्नाशी गाठताना त्यांना दम लागायला लागला तेव्हा कुणाला ते खरंच वाटेना.

पैलवानाच्या घरात सगळ्या दुखण्यांवर एकच औषध असतं. खुराक वाढवायचा आणि मेहनत वाढवायची. दम कमी पडतोय ना, मग बैठका जास्त मारा. आबा मारायचे. पंचवीस बैठकांनंतर ओठ काळेजांभळे व्हायचे, भिंतीला हात टेकून उभे राहायचे आणि आम्ही दुधात जास्तीचं तूप घालायचो. असं वर्षभर चाललं. आम्ही अडाणी नव्हतो, आमची रीतच तशी होती.

मग एका पावसाळ्यात आबांचं अंग भरायला लागलं. पोटऱ्या टपोऱ्या झाल्या, पोट पुढं आलं, चेहरा गोल झाला. आईला कोण आनंद! आबांचे वस्ताद, ज्यांनी त्यांना दहाव्या वर्षापासून मातीत घोळवलं होतं, ते घरी आले, पोटरी हातात धरून बघितली आणि म्हणाले, "आता कसा दिसतोय! अंग धरलंय की गड्यानं." मी तेव्हा वीस वर्षांची होते, शिवणक्लासला जायचे. मी हौसेनं आबांच्या सदऱ्यांच्या शिलाया उसवल्या आणि सदरे ढिले करून दिले. त्या कामाची मला आजही लाज वाटते.

ते मांस नव्हतं, पाणी होतं. जिना चढताना आबा मधेच बसले आणि उठेनात, तेव्हा आम्ही त्यांना रिक्षात घालून दवाखान्यात नेलं. डॉक्टरीणबाईंनी त्यांच्या नडगीवर अंगठा दाबून धरला आणि उचलला. अंगठ्याचा खड्डा तसाच राहिला. आईनं तो खड्डा बघितला आणि पदर तोंडाला लावला.

डॉक्टरीणबाई चिडक्या होत्या, पण समजावून सांगायच्या. आई रडत होती, म्हणून त्यांनी मला समोर बसवलं. म्हणाल्या, "वाळूच्या धुळीनं यांची फुप्फुसं आतून घट्ट झाली आहेत. श्वास घेतात, पण त्यातला प्राणवायू रक्तात पुरेसा जातच नाही. प्राणवायू कमी पडला की फुप्फुसातल्या रक्तवाहिन्या आवळून बसतात. मग त्यातून रक्त ढकलायला हृदयाच्या उजव्या बाजूला जास्तीचा जोर लावावा लागतो. रोज, प्रत्येक ठोक्याला. शेवटी ती बाजू फुगते, थकते आणि पाणी पायात उतरतं." मी विचारलं, "म्हणजे त्यांचं काळीज दिवसभर बैठका मारतंय?" त्या पहिल्यांदा हसल्या. म्हणाल्या, "हो, आणि त्याला सुट्टी नाही."

पाणी उतरवायच्या गोळ्या दिल्या आणि घरी ऑक्सिजन लावायला सांगितला. दिवसाचे सोळा तास. सोळा म्हणजे सोळा, नुसते रात्रीचे आठ धरून काही उपयोग नाही, दिवसाही नळी नाकात पाहिजे. आणि काटेकोरपणे मिनिटाला दोन लिटर. "हे दूध नाही," त्यांनी मला बजावलं, "की जास्त दिलं की जास्त चांगलं. यांच्या शरीराला वर्षानुवर्षं कमी प्राणवायूवर श्वास ओढायची सवय लागली आहे. एकदम भरपूर दिलास तर श्वास मंदावेल, आतली खराब हवा बाहेर पडणार नाही आणि माणूस गुंगत जाईल. सिलिंडरच्या चावीची जबाबदारी तुझी."

काळ्या रंगाचा, पांढऱ्या गळ्याचा पुरुषभर उंचीचा सिलिंडर टेम्पोतून आला आणि आमच्या पुढच्या खोलीत भिंतीला साखळीनं बांधला गेला. वर दाब दाखवणारं घड्याळ, त्याला पाण्याची बाटली, आणि काचेच्या नळीत एक बारीक गोळी. चावी फिरवली की गोळी वर चढायची. दोनच्या रेघेवर ती थांबली पाहिजे. आबांना मला यातलं काही शिकवावं लागलं नाही, उलट त्यांनीच मला एक शिकवलं. गॅस कटर चालवलेला माणूस. म्हणाले, "तेलाचा हात लावायचा न्हाय याला. ऑक्सिजन आणि तेल एकत्र आलं की भडकतंय." आणि त्या दिवसापासून, लहानपणापासून रोज होणारी अंगाची तेलमालिश त्यांनी आपणहून सोडली. त्यांनी काय सोडलं ते पेठेतल्या माणसालाच कळेल.

नळी मात्र कानांवर राहीना. ती नाकातून निघून कानांवरून मागं जाते आणि आबांच्या कानाला अडकायला जागाच नव्हती. सारखी घसरायची, नाहीतर त्या गाठींवर रुतून कातडं सोलवटायचं. मी जुन्या मलमलीच्या दोन बारीक पिशव्या शिवल्या, त्यातून नळी ओवली आणि डोक्यामागून एक पट्टी घेतली. बरोब्बर बसली. माझ्या हातून आजवर शेकड्यांनी ब्लाउज शिवून झाले असतील, पण बेतलेलं सगळ्यात चांगलं काम विचाराल तर ते.

पण आबा नळी लावायचे ती दार लोटून. आमचं दार सरळ गल्लीत उघडतं, आणि पैलवानाच्या घरी दिवसभर माणसांचा राबता. कुणाची चप्पल वाजली की आबा नळी काढून उशीखाली सारायचे. मी रोज कॅलेंडरच्या मागं तास लिहायचे. कधी नऊ, कधी दहा. सोळा एकदाही नाही. पाय पुन्हा सुजायला लागले. मी भांडले, रुसले, जेवण सोडलं. आबा म्हणायचे, "चारचौघात नाकात नळी घालून बसू व्हय? त्यापरीस मेलेलं बरं." मी म्हणायचे, "मग मरा." आई मला मारायला धावायची. डॉक्टरीणबाईंनी मला स्पष्टच सांगितलं होतं की तास भरले नाहीत तर वर्ष निघणं अवघड आहे.

वस्ताद तेवढे चप्पल न वाजवता यायचे. ते अनवाणीच फिरायचे. एका सकाळी मी क्लासला गेलेली, आई चुलीपाशी, आणि वस्ताद सरळ आत. आबांना नळी काढायला सवड मिळाली नाही. पुढचं आईनं मला नंतर सांगितलं. वस्तादांनी सगळं नीट विचारून घेतलं, काचेच्या नळीतली गोळी बघितली आणि म्हणाले, "दोनवर? माझ्या पठ्ठ्याला दोनवर ठेवलंय? तुला दोन शेर दूध मी एका दमात पाजत होतो." आणि चावी फिरवून गोळी सहावर नेली. गुरूनं दिलेला खुराक आबा कसला नाकारतात. जाताना वस्ताद आईला सांगून गेले, आता बघा कसा गडी उठतोय.

मी दुपारी आले तर घरात सगळे कुजबुजत बोलत होते. "गप गं, किती दिवसांनी शांत झोपल्यात," आई म्हणाली. "बघ तरी, तोंडावर कशी लाली आलीया." खरंच लाली होती. हात गरम होते. मी हाक मारली, हलवलं. आबांनी डोळे अर्धे उघडले, मला दुसऱ्याच कुणाच्यातरी नावानं हाक मारली आणि पुन्हा मिटले. मी वर काचेच्या नळीकडं बघितलं. गोळी सहावर होती. मी ती दोनवर आणली. बंद केलं नाही. कोपऱ्यावरच्या दुकानातून दवाखान्यात फोन केला आणि गाडी बोलावली.

गाडी आली तेव्हा गल्ली गोळा झाली. वस्तादही धावत आले आणि आबांच्या छातीवर हात ठेवायला वाकले. तिथं मात्र माझा तोल गेला. अख्ख्या गल्लीसमोर मी त्यांचा हात बाजूला केला. मी म्हणाले, "वस्ताद, तुमच्या तालमीच्या हौद्यातली माती कुणी तुम्हाला न विचारता उकरली तर चालंल तुम्हाला? मग माझ्या बापाच्या श्वासाला हात कुणाला विचारून लावलात?" ज्यांच्यासमोर आमदारसुद्धा उभ्यानं बोलायचा त्या माणसाला एका पोरीनं असं बोलावं, हे पेठेनं कधी ऐकलं नव्हतं. वस्ताद दोन पावलं मागं सरले. आई मात्र गाडीत बसल्या बसल्या म्हणाली, "जीभ झडंल तुझी."

आबा वाचले. दोन दिवस श्वासाच्या मशीनवर होते, पाचव्या दिवशी घरी आले. काय झालं होतं ते सगळं त्यांना कळलं होतं, गाडीशेजारचं माझं बोलणंही. आणि ते माझ्याशी बोलेनासे झाले. पाणी दिलं तर घ्यायचे, नळी लावली तर लावून घ्यायचे, पण तोंडातून शब्द नाही. मी म्हटलं, जिता बाप मिळाला, अबोला तर अबोला. असं म्हटलं खरं, पण शिलाई मशीनवर बसून मी रडायचे.

पहिल्या रविवारी सकाळी आबांनी आईला हाक मारली. "माझा पांढरा सदरा काढ. आणि खुर्ची दारात ठेव." मग माझ्याकडं न बघता म्हणाले, "नळी लांबपतोर पुरती का?" मी म्हटलं, पुरते. त्यांनी दाढी केली, फेटा बांधला, मलमलीच्या पिशव्या दोन्ही कानांवर नीट बसवल्या आणि नाकात नळी घालून भर गल्लीसमोर, उंबऱ्यातल्या खुर्चीत पाय सोडून बसले. फुटबॉलची मॅच होती, सगळी पेठ त्याच वाटेनं मैदानाकडं चाललेली. लोक थबकायचे. कुणीतरी विचारलंच, "पैलवान, हे काय वो नाकात?" आबा म्हणाले, "खुराक हाय. रोज सोळा तास." आणि मिशीवरून हात फिरवला.

थोड्या वेळानं वस्ताद आले. गाडीच्या दिवसानंतर पहिल्यांदाच. मी दाराआड उभी. आबा खुर्चीचा हात धरून उठले, नळीसकट वाकले आणि वस्तादांचे पाय धरले. सरळ व्हायला त्यांना बराच वेळ लागला. मग श्वास गोळा करून म्हणाले, "वस्ताद, पोरगी जास्त बोलली असंल तर पदरात घ्या. पण एक सांगतो. तालमीत तुमी म्हनशीला तसं. या उंबऱ्याच्या आत हिचं चालतंय. हिनं मला मरू दिलं न्हाय."

मी दाराची चौकट घट्ट धरली होती. आयुष्यात आबांनी मला कधी शाबास म्हटलं नव्हतं, आणि आता म्हटलं ते पेठेला साक्षी ठेवून.

वस्तादांनी आबांना खांद्याला धरून खुर्चीत बसवलं. मग माझ्याकडं बघितलं. "कितीवर ठेवायचं गं ते?" "दोनवर," मी म्हटलं. "बरं," ते म्हणाले आणि आबांच्या शेजारी पायरीवर बसून राहिले.

त्या दिवशी कॅलेंडरच्या मागं मी पहिल्यांदा सोळा लिहिलं. त्यानंतर आबा सहा वर्षं जगले, माझं लग्न त्यांनी नळी लावून, फेटा बांधून, पहिल्या रांगेत बसून बघितलं. सासर पेठेतच मिळालं, त्यामुळं माझं शिलाई मशीन शेवटपर्यंत आबांच्याच घरात राहिलं. आणि ती सहाही वर्षं वस्ताद रोज सकाळी तालीम सुटल्यावर आमच्या पायरीवर येऊन बसायचे. भेटायला आलेलं कुणी सिलिंडरजवळ गेलं, घड्याळाकडं नुसतं बोट जरी केलं, की त्यांचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत जायचा.

"ए पावणं, हात मागं घे. आदी त्याच्या वस्तादाला इचार. ती आत शिवत बसलीया."