बाबांच्या फोटोवरचा हार

गाव सोडताना आईनं दाराला कुलूप लावलं नाही, नुसती कडी घातली. "तुझे बाबा आले तं?" म्हणाली. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भांडी, दोन गाद्या आणि बाबांचं शिलाई मशीन. बाबा आठवडी बाजारात बसून कपडे शिवायचे. जंगलातले म्हणायचे, तू पोलिसांच्या वर्द्या शिवतो. पोलीस म्हणायचे, तू जंगलवाल्यांच्या शिवतो. एका बाजारातून ते परतलेच नाहीत. कोणी नेलं? दोघंही एकमेकांकडे बोट दाखवतात. आणि वर आम्हालाच बजावतात, याला युद्ध म्हणू नका.

मामा छत्तीसगडात भिलाई-तीनला रेल्वेत, म्हणून इकडे आलो. आता भिलाईतल्याच कोहक्यात भाड्याची खोली आहे. हथखोजच्या कारखान्यांना लागणारे हातमोजे आई घरी शिवते. मी आमच्यासारख्या विस्थापितांच्या समितीसाठी पत्रकं लिहिते, सभा घेते, दिवसभर हिंदीत भांडते. मराठी फक्त आईशी, आणि ती फारसं बोलतच नाही. गल्लीत गावाचं नाव सांगितलं की म्हणतात, "अब तो उधर सब शांत है ना?" शांत आहे. ज्यांची माणसं गेली त्यांना विचारा किती शांत आहे.

परवा आमच्या समितीनं तिकडे मारल्या गेलेल्यांची स्मरणसभा ठेवली. बाबांचा फोटो मीच दिला. मेला म्हटल्याशिवाय मारणाऱ्याचं नाव विचारता येत नाही, हे पत्रकात मीच लिहिलं होतं. आई पहिल्यांदाच सभेला आली. फोटोंच्या रांगेपाशी गेली आणि बाबांच्या फोटोवरचा झेंडूचा हार काढू लागली.

"काकी, क्यों निकाल रही हो?" आमच्या एका कार्यकर्त्यानं विचारलं.

"जित्या माणसाले हार घालून राहिले तुमी."

"आई, सगळे पाहून राहिले," मी म्हटलं.

"पाहू दे. तुले भाषणासाठी बाप मेलेला पाहिजे का वं?"

फोटो पदराखाली घेऊन ती ऑटोत बसली. मी भाषण केलं. बाबांचं नाव घेतलं नाही.

मामानं भिलाई-तीनला बरी खोली पाहिली आहे, नळ आतच. आई हलत नाही. इथला पत्ता तिनं गावाकडच्या आठवडी बाजारातल्या मीठवालीकडे निरोपानं धाडून ठेवलाय. मला विचाराल तर बाबा नाहीत. पण हे तिच्यासमोर मी पुन्हा बोलणार नाही. तिकडे राहिलेल्यांनो, इतर शहरांत पांगलेल्यांनो, बाबा कुठे भेटलेच तर त्यांना सांगा: कोहका, पाण्याच्या टाकीमागची गल्ली, शेवटची खोली. आम्ही हललो नाही. घर म्हणायला आता एवढंच आहे.