वरचा घोट

आमच्या घरात पाणीसुद्धा सरळ मिळायचं नाही. देणाऱ्याने आधी एक घोट घ्यायचा, गिळायचा, आणि मगच तांब्या पुढे करायचा. लग्न होऊन मुरबाडकडच्या त्या गावात आले, त्या पहिल्याच दिवशी सासऱ्यांना पाणी द्यायला वाकले तर म्हातारा हात मागे घेऊन बसला. मला वाटलं, माझ्या हातचं चालत नाही की काय! मी वाशिंदला चौथीपर्यंत शिकलेली, जीभ आधीच तिखट. म्हटलं, "मामा, पानी हाय, इख नाय." म्हातारा हसला नाही. "ते तू पिल्यावर कळंल," म्हणाला. "पी आधी."

प्यायले. काय करते!

ते वेड नव्हतं हे पुढे समजलं. दुसरं महायुद्ध सुरू व्हायच्या सात-आठ वर्षं आधी सासरे म्हसा गावच्या जत्रेला बैल बघायला निघाले होते. वाटेत एक गोडबोल्या भेटला. बैलांच्या गोष्टी करत दोघं कोसभर चालले, मग एका चिंचेखाली टेकले, आणि त्या माणसाने यांना गाडग्यातलं ताक दिलं. तिसऱ्या दिवशी सासरे ओढ्याच्या काठी सापडले. अंगावर लंगोटी तेवढी उरलेली. हवेतून न दिसणारे धागे ओढत होते आणि बोटाला गुंडाळत होते. स्वतःच्या भावाला ओळखेनात. ताकात धोतऱ्याचं बी वाटून घातलं होतं.

असं फार व्हायचं त्या काळी. जत्रा म्हटली की एखादा तरी असा सापडायचाच. कुणी बैल घालवून यायचा, कुणी यायचाच नाही. म्हाताऱ्याकोताऱ्या बजावायच्या, वाटेवरच्या माणसाची विडी घे, पण पाणी घेऊ नको. सासरे वाचले आणि त्यांनी घराला कायदा घालून दिला. देणारा आधी, घेणारा मागून. लग्नाच्या पंगतीतसुद्धा ते यजमानाला आधी प्यायला लावायचे. लोक हसायचे. पण हसता हसता चार घरांनी तो कायदा उचललाही होता. सगळ्यांची खात्री एकच, की देणाऱ्याने चाखलं म्हणजे ते चोख.

माझा नवरा लाकडाच्या गाड्या आसनगावला स्टेशनात पोचवायचा. गाडी सोडली की आधी पाय वळायचे ते शेताच्या टोकाला ताडीवाल्याच्या झोपडीकडे. तिथे प्यायचा, वर एक मडकं घरी आणायचा. तेही मीच त्याच्यापुढे करायचं, आणि कायद्याप्रमाणे आधी मीच चाखायचं. थू! तो आंबट वास! सासरे समोर ओटीवर बसून बघायचे. त्यांनी स्वतः त्या जत्रेपासून पाणी आणि पेज सोडून कशाला तोंड लावलं नव्हतं.

नवरा शुद्धीत असला की देवमाणूस. पिऊन आला की हात उठायचा. पहिल्या खेपेला मला पाचवा महिना होता. त्याने लाथ घातली आणि ते मूल गेलं. सकाळी माझे पाय धरून लहान पोरासारखा रडला, आणि दिवेलागणीला परत पिऊन आला. मेल्याचा संताप यायचा आणि कीवही यायची. दुसऱ्यांदा दिवस गेले तेव्हा मी मनाशी ठरवून टाकलं, काही झालं तरी हे पोर मी जगवणार.

विहिरीवर बायांना सगळं ठाऊक असतं. माझ्या पोटाकडे बघून एक जण म्हणाली, "औंदा तरी काय तरी कर गो." मी म्हटलं, काय करू? तर तिने घागर खाली ठेवली आणि हळूच सांगायला लागली. मग दुसरीने भर घातली, मग तिसरीने. माझे तर डोळेच उघडले. कुणी नवऱ्याच्या ताडीत भगताने दिलेली राख घालत होती, दारू सुटावी म्हणून. कुणी अफूचा कण घालत होती, तो झोपावा आणि हात उठू नये म्हणून. एकीने तर सवतीवरून मन उडावं म्हणून काय घातलं ते इथं लिहवत नाही. मी इतके दिवस जत्रेतल्या गोडबोल्यांना घाबरत होते, आणि इथे घराघरात चुलीपाशीच हे चाललेलं. अंगावर काटा आला माझ्या. तरी मी पुढचं ऐकत राहिले.

"पन तुझ्या घरात कसं जमायचं?" एक फिस्सकन हसली. "आधी तुझाच घसा ओला व्हायचा!" सगळ्या हसल्या. मीही हसले.

मुरबाडच्या बाजारात एक झाडपाल्याची बाई बसायची. तिने माझी एक कोंबडी घेतली आणि पळसाच्या पानात करड्या रंगाची पूड बांधून दिली. तीन दिवस, रोज चिमटीभर, जास्त नाही. मी विचारलं, "काय हाय यात?" ती म्हणाली, "गुन आला म्हंजे झालं ना?" मी पुन्हा विचारलं नाही. उत्तर मला ठाऊक होतं म्हणूनच विचारलं नाही, हे आज कबूल करते. तेव्हा स्वतःशीही केलं नसतं.

आणि विहिरीवरच्या बायांना जे सुचलं नव्हतं ते माझ्या ध्यानात आलं. ताडी गढूळ, पांढरी. आत काय आहे दिसत नाही. पूड टाकून मडकं घटकाभर स्थिर ठेवलं की ती तळाशी बसते. वरचा घोट चोख. मी सासऱ्यांच्या डोळ्यांदेखत वरचा घोट घेतला, गिळला, तोंड पुसलं, आणि मडकं नवऱ्यापुढे ठेवलं. तो तळापर्यंत गेला. थोड्या वेळाने जड होऊन भिंतीला टेकला तो सकाळीच उठला. मी चुलीपुढे बसून गरम भाकर पोटभर खाल्ली. किती महिन्यांनी! पोटातलं पोर हललं. मला बरं वाटलं, फार बरं वाटलं. खोटं कशाला सांगू?

तीन दिवस सांगितले होते, मी आठ दिवस दिली. रोज चाखताना छाती धडधडायची. पूड वर तर आली नसेल? माझ्या पोरापर्यंत तर जाणार नाही? पण मार नव्हता, त्यापुढे ती धडधड मला परवडली. नवऱ्याचं तोंड सारखं कोरडं पडायला लागलं. सकाळच्या उन्हात डोळे उघडायला त्रास व्हायचा. "गाडी हाकताना रस्ता दोन दिसतो गो," म्हणाला. मी म्हटलं, ताडी कमी करा. बघा, माझीच जीभ!

मग शिमगा आला. धुळवडीच्या दिवशी गावातले गडी सकाळपासूनच पितात. नवरा ताडीवाल्याकडे पिऊन भर दुपारी मडकं घेऊन घरी आला. डोळे लाल. दारातच माझी वेणी धरली, का ते त्यालाही माहीत नसावं. सासऱ्यांनी ओरडून सोडवलं. मी मडकं घेऊन आत गेले, पान उघडलं. चिमटीच्या जागी किती पडली? हात थरथरला असं म्हणता येईल. नाही थरथरला. पडत होती आणि मी पडू दिली.

पूड तळाशी बसू दिली, मग सासऱ्यांसमोर वरचा घोट घेतला आणि मडकं दिलं.

दोन भाकऱ्या भाजून होईतो बाहेरून त्याचं बोलणं ऐकू यायला लागलं. कुणाशी तरी बोलत होता, आणि तिथे कुणीच नव्हतं. बाहेर येऊन बघते तर तोंड लालबुंद, डोळ्यांची बुबुळं पसरून सगळे डोळेच काळे झालेले. मी हाक मारली तर मला म्हणाला, "तू कोन?" आणि मग त्याने हवेत हात घातला, चिमटीत काहीतरी धरलं, ओढलं, आणि बोटाला गुंडाळायला लागला.

सासरे ते बघत उभे राहिले. अख्ख्या गावात ते धागे दुसरं कुणी ओळखलं नसतं. त्यांनी ते स्वतः ओढले होते. त्यांनी पडलेलं मडकं उचललं. तळाशी थोडी ताडी उरली होती. मी घाबरून आत गेले तसे माझ्यामागून आत आले, मडकं चांगलं खळखळून हलवलं, आणि माझ्यापुढे धरलं.

"चाख."

हात पुढे गेला नाही, पोटावर गेला. आपोआप गेला. सासऱ्यांनी तो हात बघितला. मला वाटलं आता हा म्हातारा ओरडेल, गाव गोळा करेल, मला दगडांनी मारतील. त्यांनी मडकं चुलीच्या राखेत ओतलं. "मीठपानी कर," म्हणाले. "तांब्याभर. हात चालव."

आम्ही दोघांनी त्याला मिठाचं पाणी पाजलं, ओकवलं, परत पाजलं, डोक्यावर घागरी ओतल्या. शेवटी खांबाला बांधला, नाहीतर तो विहिरीकडे धावत होता. दोन दिवस असा होता. त्याने प्राण सोडला असता तर माझं पोर बापाविना जन्मलं असतं, आणि त्याच्या बापाला त्याच्या आईने मारलेलं असतं. दुसरं काही माझ्या डोक्यात येत नव्हतं.

रंग लावलेले गडी अंगणात जमले होते. कुणी पाजलं, कुठे प्याला, एकच कालवा. सासरे ओटीवर आले. आवाज शांत होता.

"ताडीत धोतरा व्हता," म्हणाले. "आनी आमच्या घरात चाखल्याबिगर कोन पीत नाय. सगळ्या गावाला ठावं हाय."

एवढंच बोलले. बोलून आत आले आणि लेकाचं डोकं मांडीवर घेऊन बसले. माझ्याकडे बघितलं नाही. गडी काठ्या घेऊन शेताच्या टोकाकडे गेले. मडकी फुटल्याचा आवाज घरापर्यंत आला. त्यांनी ताडीवाल्याचा हात मोडला. तोच झाडावर चढायचा हात.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याची बायको आमच्या अंगणात आली. कडेवर पोर, हातात ताडीने भरलेला पोकळ सुका भोपळा. गडी परत जमले. ती कुणाच्या पाया पडली नाही. पोराला खाली ठेवलं आणि मोठ्याने म्हणाली, "तुमचा कायदा देनारानं प्यायचा ना? बगा मग." तिने भोपळा जोरजोरात हलवला, तोंडाला लावला, आणि थेंब न थेंब प्यायली. उलटा करून दाखवला. "आता हितंच बसते. धागे येचाया लागले तर मलाबी मारा."

आणि खरंच बसली. चैत्र तोंडावर आलेला, ऊन रणरणतं. ती दुपारपर्यंत अंगणात मांडी घालून बसली. काही झालं नाही. एकेका गड्याला आपापलं काम आठवलं. तोंड फिरवून निघून गेले सगळे. माफी कुणी मागितली नाही. सासरे खाली मान घालून सुतळी वळत होते. मी दारात उभी. एक शब्द बोलायचा होता. जिभेची एवढी तिखट मी, आणि एक शब्द निघेना. पोटातलं पोर लाथा मारत होतं, मी मनातल्या मनात त्याच्याकडे बोट दाखवून गप्प राहिले.

शेवटी निदान पाणी तरी द्यावं म्हणून तांब्या घेऊन बाहेर गेले. सवयीने वरचा घोट घेतला आणि तांब्या तिला दिला. तिने तो हातात घेतला, गोल गोल फिरवला, आतलं पाणी वरखाली केलं, आणि परत माझ्यापुढे धरला.

"आता पी," म्हणाली.

मी प्यायले. माझ्या डोळ्यात बघत बघत तिने उरलेलं पाणी आधी पोराला पाजलं, मग स्वतः प्यायली. दोन दिवसांनी ती सगळी उंबरमाळीच्या बाजूला निघून गेली. मोडक्या हाताचा तो माणूस पुन्हा झाडावर चढू शकला का, मला माहीत नाही. मी कधी कुणाला विचारलंही नाही.

धुळवडीनंतर तिसऱ्या दिवशी नवऱ्याने मला ओळखलं. पोर सुखरूप जन्मलं, जगलं. नवऱ्याने भीतीने ताडी कायमची सोडली, परत कधी हात उठला नाही. जे मागितलं होतं ते सगळं मिळालं मला. सासरे मरेपर्यंत आपलं पाणी आपल्या हाताने घ्यायचे, आणि त्या दिवसाबद्दल त्यांनी तोंडातून ब्र काढला नाही. नवरा मात्र उलटाच झाला. दुसऱ्या कुणी काही दिलं तर तो आधी त्याला प्यायला लावायचा, सख्ख्या बहिणीलासुद्धा. माझ्या हातचं तेवढं तसंच घ्यायचा. मी चाखायला गेले की तांब्या ओढून घ्यायचा. "तू कशाला चाखतेस गो," म्हणायचा, "तू व्हतीस म्हनून तर वाचलो," आणि एका दमात तांब्या रिकामा करायचा.