सायकलच्या ट्यूबचा पट्टा

हे आजवर माझ्या तोंडून कुणी ऐकलेलं नाही. नवऱ्याने नाही, लेकीने तर मुळीच नाही. तुम्हाला सांगते आहे, कारण तुम्ही मला ओळखत नाही — आणि ओळखीच्या माणसांसमोर मी किती सफाईने खोटं बोलते, हे मला चांगलं ठाऊक आहे.

गेल्या महिन्यात आम्ही चार-पाच निवृत्त शिक्षिका सेवाग्रामच्या रस्त्यावरचं एक छोटं संग्रहालय बघायला गेलो. दोनच खोल्या. तलवारी नाहीत, नाणी नाहीत. रोजच्या वापरातल्या वस्तू, पण कुणीतरी डोकं लढवून नव्याने घडवलेल्या. एका हाताने शर्टाचं बटण लावायची तारेची कडी. एका बाजूची कड उंच केलेलं ताट, म्हणजे हात थरथरला तरी घास बाहेर सांडत नाही. डोळ्यांनी न दिसणाऱ्या माणसाला चहा काठोकाठ आला हे वाजून सांगणारा कप. मैत्रिणी प्रत्येक वस्तूपुढे ‘बाप्पा, काय डोकं आहे!’ म्हणत होत्या. मीही म्हणत होते. कौतुक करायला मला छान जमतं. नोकरीभर शाळेच्या गॅदरिंगला दुसरं काय केलं?

दुसऱ्या खोलीत काचेच्या पेटीत, वरून सोडलेल्या उजेडात एक पट्टा ठेवला होता. करड्या रंगाचा, मऊ. एक टोक गळ्यात घालायचं, दुसऱ्याला मनगटाची पट्टी आणि तळहाताखाली एक पातळ फळी. लकवा मारलेल्या माणसाचा लुळा हात त्यात अडकवला की तो छातीशी उभा राहतो. मग चांगला हात मोकळा. माहिती सांगणारी मुलगी कॉलेजातली असावी, उत्साहाने नुसती उतू जात होती. तिने पेटीतून पट्टा काढला आणि नेमका माझ्या गळ्यात घातला. ‘मॅडम, उजवा हात एकदम ढिला सोडा. आता डाव्या हाताने तो उचलून अडकवा. बघा, दोन्ही हात जोडता येतात!’

माझे हात जोडले गेले. मैत्रिणींनी टाळ्या वाजवल्या.

आता थोडं मागे जावं लागेल. जायची इच्छा नाही, पण जाते.

माझ्या वडिलांचं अल्लीपूरला सायकलचं दुकान होतं. दुकान कसलं — टिनाचं छप्पर, पाण्याची घमेली आणि एक पंप. पंक्चर काढून काढून त्यांनी मला शिकवलं, बीएडपर्यंत. आई गेल्यावरही तिथेच एकटे राहत. मग लकवा मारला आणि मी त्यांना वर्ध्याला आमच्या घरी आणलं. उजवा हात गेला तो गेलाच. मूठ आवळलेली आणि हात लोंबता. जेवणं, आंघोळ, सगळं त्यांनी डाव्या हाताने हळूहळू जमवलं. तक्रार नव्हती. एकच गोष्ट त्यांना छळायची — वंदनेला हात जोडता येत नाहीत. सकाळी बुद्धांच्या मूर्तीपुढे बसायचे, डावा हात छातीशी न्यायचे आणि थांबायचे. एका हाताची वंदना त्यांना अर्धी वाटायची. मी म्हणायची, ‘बाबा, मनातून केली तरी होते.’ ते म्हणायचे, ‘मनातून तं तुमी शिकलेले लोक करता वो. मले हात लागते.’

तर त्यांनी पट्टा केला. हो, तसाच. सायकलच्या जुन्या ट्यूबचा. ट्यूब चिरून गळ्यातला फासा, चामड्याच्या तुकड्याची मनगटाची पट्टी, तिला चावीची कडी, आणि बोटं सरळ राहावीत म्हणून तळहाताखाली माझ्याच मोडक्या फूटपट्टीचा तुकडा. एका हाताने आणि दातांनी केला सगळा उद्योग. घरभर पंक्चरच्या सोल्यूशनचा वास. एका सकाळी मला हाक मारली. बघते तर दोन्ही तळहात एकमेकांना टेकलेले. ‘पाह्य सुजे, जुयले ना!’ म्हणाले, आणि रडले. मीही रडले. ते रडणं खरं होतं — एवढं तरी माझ्या बाजूने लिहून ठेवते. पण त्याने पुढचं पुसलं जात नाही.

त्याच हिवाळ्यात लेकीचं साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, ठरलं. मुलाकडचे नागपूरचे. वडील मोठे अधिकारी, आई प्राध्यापक, बोलणं तोलूनमापून. आम्हीही बौद्ध, तेही बौद्ध, उच्चनीच कसलं? मी स्वतः विहारात श्रमाच्या प्रतिष्ठेवर भाषणं दिलेली बाई. लोक टाळ्या वाजवायचे. बाबा मागच्या रांगेत बसून ऐकायचे.

बाबांनी ठरवलं होतं — नातीच्या साक्षगंधाला त्रिशरण-पंचशील होईल, तेव्हा सगळ्यांबरोबर आपणही हात जोडायचे. रोज सराव चालायचा. पट्टा नीट पुसून, खोबरेल लावून काळाभोर चमकवला होता. माझ्या डोळ्यांत तो खुपायचा. फेट्या-शालूंच्या गर्दीत पुढच्या खुर्चीत म्हातारा, आणि त्याच्या गळ्यात रबर. फोटोत कसं दिसेल?

बरीच वर्षं मी स्वतःलाही हेच सांगत आले, की मला फोटोची काळजी होती. बाईमाणसाला असते हौस. इतपत दोष कुणीही पोटात घालेल, नाही का?

पण फोटो नव्हता तो. खरं सांगते.

मुलाच्या आईने पहिल्या भेटीतच विचारलं होतं, ‘तुमचे वडील काय करायचे?’ आणि मी म्हटलं होतं, ‘गाड्यांचा व्यवसाय होता.’ किती सहज निघालं! अडखळलेही नाही. त्यांनी मान डोलावली आणि ‘अच्छा, ऑटोमोबाईल’ म्हणाल्या. मी मूग गिळून बसले. आता हा पट्टा घालून बाबा बसले की कुणीतरी विचारणारच, हे काय आहे आजोबा? आणि बाबा तर वाटच बघत होते, कुणी विचारावं म्हणून. शेजाऱ्यापाजाऱ्यांना, दूधवाल्याला, सगळ्यांना सांगून झालं होतं — ‘सायकलचा टूब होय. माह्या दुकानातला. चाळीस वर्स पंक्चरं जोडले, आता सोताचा हात जोडला.’ हे वाक्य त्यांना फार आवडायचं. मला ते वाक्य त्या मांडवात नको होतं.

साक्षगंधाच्या आदल्या दिवशी बाबा आंघोळीला गेले, तेव्हा मी खुंटीवरून पट्टा काढला, जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळला आणि घंटागाडीत टाकला. स्वतःच्या हाताने. गाडीवरचं ते स्वच्छतेचं गाणं वाजत होतं.

मग शोधाशोध. बाबांनी पलंगाखाली बघितलं, उशा उलट्या केल्या, भिंतीला धरून धरून सगळ्या खोल्या हिंडले. मी पण शोधलं! गव्हाच्या कोठीमागे टॉर्च मारून शोधलं. असं नाटक करणारी बाई तुम्ही बघितली आहे का? शेवटी मीच म्हटलं, ‘बाबा, उंदरांनी नेला असेल. तेल लावलं होतं ना तुम्ही.’

त्यांना बिचाऱ्यांना ते चटकन पटलं. ‘माहीच चुकी,’ म्हणाले. ‘तेल काऊन लावलं मी?’

दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या अंगावर नवी शाल अशी घातली की उजवा हात दिसू नये. वंदना सुरू झाली. मांडवातले सगळे हात जोडलेले, आणि बाबांचा डावा हात छातीशी येऊन तसाच. मुलाची आई नंतर म्हणाली, ‘तुमच्या वडिलांचं व्यक्तिमत्त्व काय रुबाबदार आहे हो!’ मला आनंद झाला. तेव्हा मला नुसता आनंदच झाला होता.

पुढे बाबांनी माझ्याकडून उंदरांचा पिंजरा आणवला. त्यात भाकरीचा तुकडा लावून बसायचे. एक उंदीर सापडला, तर त्याला सोडून द्यायला लावलं. मग म्हणाले, ‘सुजे, येताना दुकानातून जुना टूब आणून देजो मले. दुसरा करतो.’ मी म्हटलं, आणते. सायकलचं दुकान माझ्या शाळेच्या वाटेवर होतं. मागितला असता तर फुकट दिला असता कुणीही. पण लग्न व्हायचं होतं, नागपूरची मंडळी येत-जात होती. मी रोज विसरत गेले. ‘आज आणला काय वो?’ — ‘आज बंद होतं दुकान, बाबा.’ पावसाळा आला. मग त्यांनी विचारणं सोडलं. समजलं होतं त्यांना? माझ्याकडे बघण्यात काही फरक पडला नव्हता, आणि माझी त्यांच्याकडे नीट बघायची हिंमत नव्हती. वंदनेला बसणंही त्यांनी कमी केलं. गुडघे दुखतात म्हणायचे.

लग्नानंतर दोन महिन्यांनी ते गेले. अंथरुणावर निजवलं तेव्हा कुणीतरी म्हणालं, हात जोडून ठेवा त्यांचे. डावा हात आला. उजवा येईना. बोटं घट्ट वळलेली. पुण्याहून आलेला माझा भाऊ ती उघडायला बघत होता आणि रडत होता. ‘ताई, हात सरळ ठेवायला काही होतं का गं यांच्याकडे?’ त्याने विचारलं. मी म्हटलं, ‘राहू दे रे, त्रास नको देऊ त्यांना.’ सगळ्यांना वाटलं, केवढी माया आहे पोरीची!

असो. ‘असो’ म्हणायचा तरी मला काय अधिकार आहे म्हणा.

त्या संग्रहालयात माझ्या गळ्यात पट्टा होता आणि डोळ्यांतून पाणी येत होतं. थांबेना. ती मुलगी घाबरली. मैत्रिणी दुसऱ्या पेटीकडे गेल्या होत्या. मुलीने हळूच विचारलं, ‘घरी कुणाला होतं का, मॅडम?’

‘वडिलांना,’ मी म्हटलं.

तिने पट्टा अलगद सोडवला. म्हणाली, ‘आम्ही लोकांनी घरी केलेल्या अशा वस्तू पण ठेवतो इथे. करणाऱ्याचं नाव, गाव, काम, सगळं लिहून. तुमच्या घरी केलं होतं का कुणी असं काही?’

लेकीचा संसार आता सुखाचा आहे. मुलाच्या आईला आता कशाचं काही नाही, ती मला मैत्रीण मानते. बाबांना जाऊन इतकी वर्षं झाली. माझ्या एका शब्दाने कुणाचं काहीच बिघडणार नव्हतं. समोर होती एक अनोळखी पोर, हातात पेन घेऊन.

‘नाही गं,’ मी म्हटलं, ‘असं कुणी नव्हतं आमच्याकडे.’

‘वडील काय करायचे?’

‘गाड्यांचा व्यवसाय होता त्यांचा.’