बरगड्या आणि बापूरावांचा हात

रंगराव मूळचे भंडाऱ्याकडचे. पिंपरीच्या कारखान्यात फिटर म्हणून आयुष्य काढलं आणि निवृत्तीनंतर लेकानं कसबा पेठेत घेऊन दिलेल्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात बायको मुक्ताईंसह राहायला आले. लेक गेला बंगळूरला. माणूस कसा, तर देवभोळा नाही, व्यसनी नाही, चारचौघांत मोठ्यानं बोलणारा नाही. शौक एकच. रविवारी स्वतःच्या हातानं डुकराच्या बरगड्या शिजवायच्या.

आणि शिजवायच्या म्हणजे काय! कॅम्पातल्या ठरलेल्या खाटकाकडून अख्खी फासळी आणायची. तिच्या मागच्या अंगाला एक चिवट पापुद्रा असतो, तो सुरीच्या टोकानं उचलून, फडक्यात धरून सर्रकन ओढायचा. तो राहिला की सगळी मेहनत पाण्यात. मग आलं, लसूण, तिखट, चिंचेचा कोळ, गूळ, सगळं चोळून रात्रभर फ्रीजमध्ये. सकाळी जाड बुडाच्या पातेल्यात रचायच्या, झाकणाच्या कडेला कणीक लिंपायची, झाकणावर पाणी ओतायचं आणि गॅस इतका बारीक की आहे की विझला हे वाकून बघावं लागावं. कुकरचं नाव काढलेलं त्यांना खपत नसे.

"शिट्टीनं मटण घाबरतं," म्हणायचे. "घाबरलं की आखडतं. त्याला गोडीगुलाबीनं घ्यावं लागते."

"इतकी गोडीगुलाबी मले दाखवली असती तर," मुक्ताई आतून म्हणायच्या, आणि रंगराव पातेल्याकडे बघून हसायचे.

या वासावरच बापूराव सापडले. समोरच्याच दारातले, लष्कराच्या कुठल्याशा कचेरीत कारकुनी केलेले, घरात कांदासुद्धा चातुर्मासात बंद. एका रविवारी बेल वाजवून म्हणाले, "पेपर वाचून झाला का?" नजर मात्र स्वयंपाकघराकडे. रंगरावांनी ओळखलं. पेपर दिलाच नाही, ताट दिलं. खाताना बापूरावांचे डोळे मिटले. तरुणपणी कचेरीतल्या एका गोवेकर मित्राच्या घरी खाल्लं होतं म्हणे, त्यानंतर आजच.

तेव्हापासून दर रविवारी बापूराव 'बुद्धिबळ खेळायला' येऊ लागले. खिडक्या लावायच्या, दाराला कडी घालायची, पट मधे मांडून ठेवायचा आणि त्याच्या शेजारी हाडांचा ढीग. जाताना हात तीनदा साबणानं, तोंडात बडीशेप, आणि तरी दारात थांबून विचारायचे, "येतोय का हो वास?" रंगराव वाकून त्यांचा हात हुंगायचे आणि सर्टिफिकेट द्यायचे, "जा. पास झालात."

काय सांगावं, कारखान्यात इतकी वर्षं काढून रंगरावांना असा जिवाचा दोस्त मिळाला नव्हता. मुक्ताईंना ते अभिमानानं सांगायचे, "माझ्या हातचं खाते तो माणूस."

मग बापूरावांनीच खूळ काढलं. मोबाइलवर कुणा परदेशी माणसाचा व्हिडिओ दाखवून म्हणाले, "अहो रंगराव, शेवटी निखाऱ्यावर फिरवतात हे लोक. गुळाचं पाणी लावून. एकदा करा ना."

दोस्तानं सांगितलं, रंगरावांनी गॅलरीत शेगडी मांडली. चरबीचा थेंब निखाऱ्यावर पडला की चर्र व्हायचं आणि निळा धूर सरळ वर. वर हिंमतराव. सोसायटीचे अध्यक्ष. त्यांची वाळत घातलेली धोतरं.

सोमवारी ग्रुपवर मेसेज आला, बुधवारी गच्चीत मीटिंग बसली. रंगरावांनी पहिल्यांदा उठून सांगून टाकलं, "धुराचं माझं चुकलं. शेगडी आजपासून बंद."

विषय तिथेच मिटायचा. पण हिंमतराव म्हणाले, "धूर ही एक गोष्ट झाली. मुळात हे असलं मांस इमारतीत शिजावं का, तेही ठरवून टाकू. हात वर करा."

रंगरावांना वाटलं, कापडानं झाकलेलं काहीतरी कुणीतरी भरचौकात उघडं केलं. मान वर करून त्यांनी बघितलं. काहींनी हात वर केले, काहींनी 'ज्याचं त्याचं घर' म्हणून मांडीवरच ठेवले. निम्मे इकडे, निम्मे तिकडे. उरले बापूराव.

"तुमचं काय, बापूराव? तुम्ही तर अगदी समोर राहता," हिंमतरावांनी विचारलं.

बापूरावांनी घसा साफ केला. "त्रास होतो खरा. आमच्याकडे देवघर आहे. तो गूळ जळल्यासारखा वास, मग लसूण, मग ती चरबी..." आणि हात वर केला. तोच हात, रविवारी रंगरावांनी हुंगून पास केलेला.

एका वाक्यात रंगराव त्यांना तिथेच आडवे करू शकले असते. वाक्य ओठांपर्यंत आलंही. पण आपण ज्याला जेवू घातलं त्याचं खाणं चारचौघांत कसं काढायचं? त्यांच्या आईनं तरी हे शिकवलं नव्हतं. ते उठले आणि जिना उतरून घरी आले.

रविवारी त्यांनी पुन्हा पातेलं गॅसवर चढवलं. मुक्ताई म्हणाल्या, "अजी, ठराव झाला ना?"

"झाला. मी कुठं हात वर केला?"

दुपारी दारावर हलकीशी टकटक. बापूराव. आवाज अगदी खाली.

"मनावर घेऊ नका हो. मला या लोकांत राहायचंय."

"मलाही," रंगराव म्हणाले. मग ताट वाढून त्यांच्या हातात दिलं. "जेवा. फक्त दार उघडं राहील आज."

बापूराव हसले, थट्टाच वाटली त्यांना. कडीकडे हात नेला, तर रंगराव दाराला पाठ लावून उभे. ताट हातात धरून बापूराव चुळबुळत राहिले. बरगडीचा वास नाकाशी, तोंडाला पाणी सुटलेलं दिसत होतं. एक तुकडा उचललासुद्धा. इतक्यात जिन्यात चपलांचा आवाज झाला आणि हिंमतराव वर येताना दिसले.

तुकडा ताटात पडला. "रंगराव," बापूराव एकदम मोठ्यानं म्हणाले, "ठराव झालाय, निदान त्याचा तरी मान ठेवा!"

हिंमतरावांनी ताटाकडे पाहिलं. "समज द्यायला ताट घेऊन आलात वाटतं?"

"छे छे, हे यांनीच बळजबरीनं..." बापूरावांनी ताट चपलांच्या रॅकवर ठेवलं, बोटं लेंग्याला पुसली आणि हिंमतरावांच्या मागोमाग वर चालू लागले. स्वतःचं दार समोर असताना वर.

रंगरावांनी चपलांवरचं ते ताट उचललं, त्याचं बूड पुसलं, आणि दारासमोरच पाट मांडून बसले. मुक्ताई त्यांच्या शेजारी येऊन बसल्या. मांस हाडाला हात लावताच सुटत होतं, असं मऊ त्यांना आजवर कधी साधलं नव्हतं. तरी पहिला घास ते कितीतरी वेळ चावत राहिले.

"कच्चं राहिलं का जी?" मुक्ताईंनी विचारलं.

"नाही," रंगराव म्हणाले. "गिळवत नाही."