माड कुठवर पडेल

सुमनताई गेल्या, हे मला दूधवाल्याने सांगितलं. मी मेथी निवडत होते, जुडी हातातच राहिली... इतका जुना शेजार आणि बातमी अशी यावी, याचा रागच आला. त्याला आता दीड महिना झाला.

घाटकोपरच्या एका शाळेत त्यांनी आयुष्यभर गणित शिकवलं. निवृत्त झाल्यावर मुलुंडच्या आमच्या सोसायटीत तळमजल्यावरच्या खिडकीत बसून येणाऱ्या-जाणाऱ्याची फिरकी घ्यायच्या. त्या खिडकीसमोर, अंगणाच्या पलीकडे, एक माड होता. माझ्या सासऱ्यांनी देवगडहून रोप आणून लावलेला. ते गेल्यावर त्यांचं म्हणून आमच्याकडे तेवढंच उरलं होतं. गेल्या हिवाळ्यात मीटिंगमध्ये विषय निघाला, हा माड पडला तर बिल्डिंगवर येईल, तोडायची परवानगी मागू या. सेक्रेटरी राणेभाऊजी आकडे घेऊनच आले होते. बिल्डिंग बुंध्यापासून चौदा मीटरवर आणि माड सोळा मीटर उंच. मला रडू फुटायचंच बाकी होतं.

"सोळा कसे काढलेत, राणे?" ताईंनी विचारलं.

"सावलीवरून, तुम्ही शिकवता तसंच. सकाळी माडाची सावली मोजली, बत्तीस मीटर. मग एक मीटरची काठी उभी केली, तिची सावली दोन मीटर. म्हणजे उंची सावलीच्या निम्मी."

"आणि मध्ये काय केलंत?"

"मध्ये... चहा घेतला. हिने पोहे केले होते."

"तुमचे पोहे होईपर्यंत सूर्य थांबला होता होय?"

हसून हसून सगळ्यांची वाट लागली. ताई म्हणाल्या, सकाळी ऊन चढतं तशी सावली आखडते. दोन्ही सावल्या एकाच क्षणाच्या हव्यात, तरच हिशेब जुळतो. दुसऱ्या दिवशी मी काठीपाशी आणि राणेभाऊजी माडाच्या सावलीच्या टोकाशी, दोघं खडू घेऊन उभे. ताई ओरडल्या, "करा खूण!" काठीची सावली दोन मीटर, माडाची चोवीस. "एकाला दोन, तर बाराला चोवीस. माड बारा मीटर."

तरी कुणीतरी पुटपुटलंच, गणित ठीक आहे, पण धोका कोण पत्करणार?

"पडला तर पहिला माझ्या खिडकीत येईल ना? मी तिथेच झोपते. बास झालं."

माड राहिला. आपल्या गणितासाठी स्वतःची उशी पणाला लावणारी बाई माझी शेजारीण होती, हे मी कुणालाही छाती ठोकून सांगेन.

गेल्या आठवड्यात वादळात माड पडला. भरदुपारी, नेमका त्यांच्याच खिडकीच्या दिशेने. मी धावत खाली गेले. सासऱ्यांच्या आठवणीने डोळे भरले, खोटं कशाला सांगू... मग झावळ्यांना वळसा घालून पलीकडे गेले. खिडकीची काच शाबूत. आत त्यांची कॉट, वर घडी घातलेली चादर. शेंड्याच्या आणि भिंतीच्या मध्ये मी आरामात उभी राहिले.

राणेभाऊजी मागून आले. "वहिनी, टेप आणू का?"

"नको," मी म्हटलं. "ताईंनी मोजलंय."