नावेवरचं नाव

गुन्वोर सात वर्षांची असताना पालथ्या होडीखाली लपली होती, तेव्हा आपल्याच नावावरून झालेलं भांडण तिच्या कानावर पडलं. लपायचं कारण साधं होतं, बटाटे सोलायचा कंटाळा. बाहेर आई आणि आजी दांडीवर मासे वाळत घालत होत्या. आजीचं नाव एल्ब्योर्ग, म्हणजे विस्तवाची राखण, आणि बाईही तशीच होती, वर राख नि आत निखारा.

"घरातलं माणूस ताटकळत असताना तू तुझ्या आजीचं नाव उचलून आणलंस," आजी म्हणाली. "माझी दाग्नी अजून स्वप्नात दारात येऊन उभी राहते. नाव मागते."

"मागू दे, सासूबाई. बुडालेल्या पोरीचं नाव मी माझ्या लेकीला देणार नाही. तिला पाण्याकाठीच जन्म काढायचाय."

यावर मासे जोरजोरात आपटले जाऊ लागले.

दाग्नी ही गुन्वोरच्या वडिलांची धाकटी बहीण. नवव्या वर्षी ती खाडीत गेली ती गेलीच. त्या दिवशी ती बोडक्या डोक्याने पळाली होती, टोपी खुंटीवरच राहिली. ती करडी टोपी आजीने शेवटपर्यंत खुंटीवरून हलवली नाही आणि ही हकीकत सांगायचंही सोडलं नाही. मेलेलं माणूस स्वप्नात दाराशी दिसलं की ते नावासाठी हिंडतंय असं आमच्या खाडीत सगळेच मानतात. ज्याला स्वप्न पडलं त्याच्या घरातल्या पुढच्या पोराला मेलेल्याचं नाव द्यायचं, म्हणजे ते निवांत होतं. गुन्वोरच्या पाठीवर तिघे भाऊच झाले, तेव्हा दाग्नी हिंडतच राहिली.

होडीखालून बाहेर आल्यापासून गुन्वोरला वाटायचं, आपण दुसऱ्याच्या जागेवर बसून जेवतोय. पुढे आजी अंथरुणाला खिळली, तेव्हा तिने नातीचा हात धरून एवढंच सांगितलं, की तू तरी तिला कुठेतरी बसव. गुन्वोरने मान डोलावली. लेक झाली की तिला ते नाव देऊ, असा तिचा हिशेब. पण लग्नच जमलं नाही. दोघे जण विचारून गेले. त्यातला एक विचार करून पुन्हा येतो म्हणाला होता, तो अजून येतोच आहे.

तिने हातात कुंचला धरला. नवरीच्या पेट्यांवर वेलबुट्टी, थडग्यांच्या लाकडी क्रुसांवर अक्षरं आणि वसंतात होड्यांवर नावं. नाव रंगवायची तिची तऱ्हा उलटी होती. ती शेवटच्या अक्षरापासून सुरुवात करून मागे मागे यायची. पुढून सुरुवात केली की शेवटची अक्षरं टोकाशी दाटीवाटीने बसतात, गर्दीत उशिरा पोचलेल्या पाहुण्यांसारखी, असं तिचं म्हणणं. आणि नाव रंगवता रंगवता त्याचा अर्थ ती फुकट सांगायची. आमची जुनी नावं दोन तुकडे जोडून केलेली असतात, सुतार सांधा बसवतो तशी. सिग म्हणजे विजय, दाग म्हणजे दिवस, आणि नी म्हणजे नवं. तिचं स्वतःचं नाव म्हणजे लढाईत सावध राहणारी. त्यावर ती म्हणायची, सावध राहायला मी इतकी शिकले की लढाई कधी आलीच नाही.

तिला पन्नाशी लागली त्या साली स्टाइनुल्वने नवी होडी बांधली. नावात दगड आणि लांडगा दोन्ही, पण बायकोसमोर कोकरू. बायकोचं नाव सिग्नी, तेच होडीवर हवं होतं. सिग्नी पहिलटकरीण, दिवस भरत आलेली. गुन्वोर सकाळी होडीघरात गेली, शेवटची तीन अक्षरं काढली, आणि राहिली दोन. सिग्नी आणि दाग्नी आमच्या लिपीत पाच-पाच अक्षरांची, शेवटची तीन तीच, फरक पहिल्या दोन अक्षरांचा. ती दोन अक्षरं काढताना तिच्या मनात काय होतं कोण जाणे. कुंचला खाली ठेवून दोन पावलं मागे सरकली, तेव्हा होडीवर पांढऱ्या रंगात ठसठशीत दाग्नी.

स्टाइनुल्व आला आणि त्याचं तोंड उघडंच राहिलं. धक्क्यावरचे लोक जमले. बुडालेल्याच्या नावाच्या होडीत कुणी पाय ठेवत नाही, आणि गेलेल्याचं नाव खरवडून काढणं म्हणजे त्याला पुन्हा दाराबाहेर घालवणं. ठेवलं तरी पंचाईत, पुसलं तरी पंचाईत. एक म्हातारा म्हणाला, होडी फोडून सरपण करा. दुसरा म्हणाला, असल्या सरपणावर मी तर कॉफीसुद्धा उकळणार नाही.

गुन्वोर चिंधीने बोटं पुसत उभी होती. बोटं कधीच स्वच्छ झाली होती, तरी पुसत होती. चाळीस वर्षांनी आजीच्या पोरीला कुठेतरी बसवलं, तर तीही अशी सगळ्यांनी हाकलायची जागा. तिने खरवडायचं पातं उचललं.

तेवढ्यात कमरेवर हात ठेवून सिग्नी उतार उतरून आली. तिने होडी पाहिली, नवऱ्याला पाहिलं, आणि मग गुन्वोरच्या हातातल्या पात्याकडे पाहत राहिली.

"ठेव ते खाली, मावशी," ती म्हणाली. "तीन दिवस झाले, एक मुलगी माझ्या स्वप्नात येतेय. ओलीचिंब, दारात उभी. लाल टोपी घातलेली. कोण ते कळेना, म्हणून बोलले नव्हते. आता कळलं."

मग ती लोकांकडे वळली.

"मुलगी झाली तर दाग्नी. मग होडीवर माझ्या लेकीचं नाव असेल, जित्या लेकीचं. त्याला कुणाची हरकत आहे?"

स्टाइनुल्वने हळूच विचारलं, आणि मुलगा झाला तर?

"तर तू बाहेर झोपशील," सिग्नी म्हणाली, आणि लोक हसले, तेव्हा कुठे सगळ्यांचा श्वास मोकळा झाला.

गुन्वोर हसली नाही. टोपी लाल नव्हती, करडी होती, आणि ती डोक्यावर नव्हतीच, खुंटीवर होती. हे खाडीत तिच्याइतकं पक्कं कुणालाच ठाऊक नव्हतं. तिने पातं पिशवीत टाकलं.

मुलगी झाली. दाग्नी म्हणजे नवा दिवस, हे बारशाला गुन्वोरने पुन्हा एकदा फुकट सांगितलं. होडी तीस वर्षं बुडाली नाही. मासे बेताचेच मिळाले, पण त्याचा दोष कुणी नावाला दिला नाही.

खूप वर्षांनी सिग्नीच्या स्वयंपाकघरात दोघी कॉफी पीत बसल्या होत्या. सपाट भाकरीवर लोणी फासता फासता गुन्वोरने सहज विचारलं, "ती टोपी कुठल्या रंगाची म्हणाली होतीस गं?"

"कुठली टोपी?" सिग्नी म्हणाली.

गुन्वोरने लोणी जरा जास्तच लावलं आणि भाकरी तिच्यापुढे सरकवली. यापलीकडे त्या विषयावर दोघींत कधी बोलणं झालं नाही. घरी येऊन तिने मात्र करडी टोपी खुंटीवरून काढली, झटकली आणि पेटीत ठेवली.

ब्याऐंशी वर्षांची असताना, मे महिन्यात, ती नेहमीसारखी होडीघरात गेली. पुढच्या आठवड्यात ती झोपेतच गेली, पण त्या सकाळी तिचा गुडघा सोडला तर सगळं ठीक होतं. होडी आता दाग्नी चालवते. थंडीने नावाचा रंग पोपडून जातो, म्हणून दर वर्षी एक हात मारावा लागतो. दाग्नीने स्टूल धरलं आणि म्हणाली, "मावशी, या वर्षी तरी पुढून सुरुवात कर. बघू काय होतं."

"पुढून केलं तर तुझी सिग्नी होईल," म्हातारी म्हणाली, आणि शेवटच्या अक्षरावर कुंचला टेकवला.

पाचही अक्षरं झाली. तिने कुंचला टर्पेंटाइनमध्ये धुतला, चिंधीत गुंडाळला, डब्याचं झाकण अंगठ्याने दाबून बसवलं, आणि चढावर अर्ध्या वाटेत नेहमीच्या दगडावर बसून दम घेत घरी गेली.